मोडीतून वाचलेले मोल



सदाशिव पेठेतून बाजीराव रस्ता ओलांडला की नातूबागेत राजा दिनकर केळकर संग्रहालय लागते. परगावचे पाहुणे ते आवर्जून पाहतात. शेजारच्या पेठेतील मंडळी मात्र 'पाहू कधीतरी' म्हणतात. राजा हे संग्राहकाचेच नाव, असाही अनेकांचा समज असतो. संग्राहक होते दिनकर गंगाधर केळकर (१८९६-१९९०). राजा हा त्यांचा बालपणीच निवर्तलेला पुत्र.

केळकर 'अज्ञातवासी' या नावाने काव्यलेखन करीत. सुमारे १९२० पासून ते वस्तू जमवू लागले. जुने वाडे रिकामे होत होते, तांब्यापितळेची भांडी मोडीत निघत होती. मोडीचा हिशेब व्यापारी मंडळींस ठाऊकच आहे. तेथे धातूचे वजन तेवढे मोजले जाते, घडणावळीचे मोल शून्य! केळकरांची दृष्टी नेमकी त्या घडणावळीवर खिळली. पत्नी कमलाबाईंची साथ त्यांना लाभली.

शस्त्रे आणि नाणी जमविणारे पुष्कळ. अडकित्ते, दौती, फण्या, कुलुपे, दिवे यांसाठी वणवण करणारा विरळाच. सुपारी कातरण्यास एक धारदार पाते पुरे. तरीही कोणा कारागिराने अडकित्त्याला पक्ष्याचा किंवा घोड्याचा आकार दिला. टाच घासण्याची वज्री ती केवढी! तिच्या खरखरीत तळावरही नक्षीदार पाखरू बसविलेले आढळते. घडविणाऱ्याचे नाव मात्र कोठेही नाही.

अपरिग्रह मानणाऱ्या श्रोत्यांच्या मनात येथे शंका येईल, की एवढा संग्रह हाही परिग्रहच नव्हे काय? शंका रास्त आहे. तिचे उत्तर केळकरांच्या कृतीतच मिळते. वीस हजारांहून अधिक वस्तूंचा हा ठेवा त्यांनी महाराष्ट्र शासनास अर्पण केला. आयुष्यभर जमविलेले हयातीतच सोडणे सोपे नसते.

जागेअभावी त्यातील थोड्याच वस्तू एका वेळी मांडता येतात. त्याही निवांत पाहाव्यात, घरातील मुलांना बरोबर न्यावे. आणि माळ्यावर आजीचे घंगाळ किंवा लामणदिवा पडून असेल, तर मोडवाल्यास बोलावण्याआधी वडीलधाऱ्यांकडून त्याची हकिकत ऐकून, चिठ्ठीवर लिहून वस्तूसोबत ठेवावी.

जय जिनेंद्र.