रखवालदाराला सुट्टी

गिरगावातल्या एका छापखान्याच्या कोपऱ्यात आमच्या कवितांच्या संकेतस्थळाचा सर्व्हर असे. विंडोजचा परवाना महाग, म्हणून एका उत्साही मित्राने लॅमिंग्टन रोडवरून फुकटचा ‘अ‍ॅक्टिव्हेटर’ आणला. कवींना फुकटाचं वावडं कधी होतं? त्याची अट साधी होती: अँटिव्हायरस बंद करा, ‘अ‍ॅडमिन’चे अधिकार द्या. म्हणजे रखवालदाराला सुट्टी आणि चाव्या परक्याच्या हाती! २०२१ साली ‘केएमएसपिको’ नावाच्या अशाच साधनाच्या आडून ‘क्रिप्टबॉट’ पासवर्ड चोरताना सापडला. घरच्या संगणकात चोर शिरला तर झळ घरापुरती. सर्व्हरवर मात्र शेकडो वाचकांचे पत्ते, पासवर्ड आमच्या भरवशावर होते. मी म्हटलं, यंत्र पुसा, फुकटच हवं तर लिनक्स घाला. पासवर्ड बदलायला सांगणारी पत्रं वाचकांना मीच लिहिली. लाज वाटली.