नावाआधीचं 'कै.'
(स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



संयोजकांनी मला शाळेच्या आठवणी सांगायला उभं केलंय. पण मला एका चुकीबद्दल बोलायचंय, आणि ती माझी आहे.

मागच्या मेळाव्यात दाराशी आपल्यातून गेलेल्यांच्या नावांचा फलक होता. मजकूर माझा. सगळ्या नावांआधी सरसकट 'कै.' आणि खाली 'मृतात्म्यांस चिरशांती लाभो'. लग्नपत्रिकेपासून देवळातल्या देणगीच्या पाटीपर्यंत हेच वाचत आलो. हात आपोआप चालला.

मधल्या सुट्टीत माझ्या डब्यातली पोळी हक्कानं उचलणारा आपला एक मित्र त्या यादीत होता. त्याची पत्नी फलकासमोर बराच वेळ उभी होती. मग मला म्हणाली, "भाऊजी, हे कैलासात कधी राहायला गेले? हे तर शेवटपर्यंत विहारात जायचे." ती हसून बोलली, म्हणून मला जास्त लागलं.

संस्कृतच्या तासाला आपण विग्रह घोकला होता : कैलासात वास करणारा तो कैलासवासी. म्हणजे शंकराच्या घरी गेलेला. १९५६ साली नागपूरला बाबासाहेबांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत श्राद्ध-पिंडदान न करण्याचीही प्रतिज्ञा आहे. बुद्धाच्या शिकवणीत नित्य असा आत्माच नाही. आणि मी त्याला कैलासात बसवून वर त्याच्या आत्म्याला शांती मागत होतो! त्यांच्याकडे 'कालकथित' लिहितात. पालीत मरण पावण्याला 'काळ करणे' म्हणतात, त्या वळणाचा हा शब्द. श्रद्धांजलीऐवजी ते आदरांजली म्हणतात.

यंदा मी एकेका घरी फोन केले. आपल्या मुस्लिम मित्राचा धाकटा भाऊ म्हणाला, "मराठी पेपरात 'पैगंबरवासी' छापतात. राग येत नाही, पण आमच्या घरात तो शब्द कुणी बोलत नाही. तो कैलासवासीच्या साच्यातून काढलेला दिसतो. तुम्ही 'मरहूम' लिहा." मरहूम म्हणजे ज्याच्यावर दया झाली तो. रहीम, रहमान, रहम ही सगळी याच अरबी धातूची भावंडं. मेलेला माणूस कुठे राहायला गेला, हे तो शब्द सांगतच नाही. फक्त त्याच्यावर दया झाली म्हणतो. मी हा शब्द हिंदी सिनेमात शंभरदा ऐकला असेन, अर्थ साठी उलटल्यावर कळला.

ख्रिस्ती मैत्रिणीच्या मुलानं 'ख्रिस्तवासी' सांगितलं, एका लिंगायत घरानं 'लिंगैक्य'. वारकरी घरातल्या आजी म्हणाल्या, "कैलास नको, वैकुंठ लिही." म्हणजे 'कै.' हिंदूंनासुद्धा सरसकट चालत नाही!

कुणी म्हणेल, शब्द उसने घेतले तर बिघडलं काय? काही नाही. फादर स्टीफन्स यांचं 'ख्रिस्तपुराण' १६१६ साली गोव्यात रायतूरला छापलं गेलं. मराठी ओव्यांत, दहा हजारांहून जास्त. त्यात ख्रिस्ती स्वर्गाला ते बिनदिक्कत वैकुंठ म्हणतात. पण तो शब्द त्यांनी स्वतःच्या देवाच्या घरासाठी घेतला होता. मी दुसऱ्याच्या माणसाचा पत्ता परस्पर बदलला.

मग समितीत तोडगा निघाला, सगळ्यांना 'दिवंगत' लिहू. मलाही पटला, पण रात्री विग्रह आठवला : दिवं गतः, स्वर्गाला गेलेला. म्हणजे फिरून तिथेच! आणि आपल्या एका सरांचा तर स्वर्गावरच विश्वास नव्हता. त्यांच्या मुलीनं सांगितलं, "बाबांच्या नावाआधी काहीही लावू नका. ते चिडतील."

म्हणून या स्मरणिकेत प्रत्येक नावाआधी त्या-त्या घरानं सांगितलेलाच शब्द आहे. सरांचं नाव कोरं आहे. कृपया छपाईची चूक समजू नका. यादी एकसारखी दिसत नाही, अशी तक्रार मुद्रितं तपासणाऱ्यांनी केली. खरंय, दिसत नाही.

तीन घरांचा फोन अजून लागलेला नाही. ती नावं फलकावर आहेत, त्यांच्याआधी जागा सोडली आहे. कुणाकडे त्यांचा ठावठिकाणा असेल, तर जेवणाला बसण्याआधी मला गाठा. मी पाण्याच्या टाकीपाशी आहे, जुन्याच जागी.