भोंगा आणि तिसरी पाळी

(पिंपरीतल्या युवक बैठकीत केलेलं भाषण)



गौतम धर्मसूत्रात लिहिलंय, शूद्राने मुद्दाम वेद ऐकला तर त्याच्या कानात कथील आणि लाख ओता. म्हणजे धर्माचा आपल्या कानांवर डोळा जुनाच. तेव्हा ऐकलं म्हणून शिक्षा. आता ऐकायचं नाही म्हटलं तरी भोंगा कानात ओततोच.

गावात आवाजालाही जात होती. दवंडी महाराने द्यायची, हलगी मांगाने वाजवायची, ती गावासाठी. तीच हलगी आपल्या नवरदेवापुढे देवळासमोरून निघाली की डोकी फुटायची. म्हणून भोंग्याची भाषा कुणी काढली की मी आधी विचारतो, कुणाचा बंद करायचा म्हणतोस?

२ एप्रिल २०२२ला शिवाजी पार्कवर राज ठाकरे म्हणाले, मशिदींवरचे भोंगे उतरवा, नाहीतर समोर हनुमान चालिसा लावू. पुढे ३ मेची मुदत दिली. भोंग्याला उत्तर काय, तर दुसरा भोंगा! मधल्या खोलीत झोपलेल्या माणसाचं नाव कुणी घेतलं नाही.

त्या माणसाबद्दल बोलतो. माझा मावसभाऊ भोसरीत पॉवर प्रेसवर. तिसरी पाळी. सकाळी खोलीवर यायचा, भाकर खाऊन आडवा व्हायचा. शेजारच्या देवळात सप्ताह बसला. काकडा, पारायण, प्रवचन, सगळं भोंग्यावर, दिवसभर. पाचव्या रात्री हात डायखाली राहिला. दोन बोटं गेली. कागदावर कारण लिहिलं : कामगाराचा निष्काळजीपणा. मशीनला गार्ड नव्हता, तो मालकाचा गुन्हा. त्याचा हिशेब वेगळा मागू. पण पाच दिवसांची झोप कुणी नेली?

मी गोदीतला माणूस. रात्रभर राबून दिवसा झोपणं म्हणजे काय, मला माहीत आहे.

कायदा काय म्हणतो? ध्वनिप्रदूषणाचे नियम २०००चे. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर भोंगा बंद. सणासाठी सरकार वर्षातले जास्तीत जास्त १५ दिवस १२पर्यंत सूट देऊ शकतं. एवढं सगळ्यांना पाठ. पण त्याच नियमांत दिवसाचीही मर्यादा आहे, ती कुणी सांगत नाही. राहत्या वस्तीत दिवसा ५५ डेसिबल, रात्री ४५. औद्योगिक भागात ७५ आणि ७०. वीस डेसिबलचा फरक म्हणजे आवाजाची ताकद शंभरपट. आपल्या झोपड्या एमआयडीसीच्या भिंतीला टेकलेल्या. आपण कोणत्या रकान्यात? माणसांच्या की मशीनच्या?

चाकणपासून पिंपरीपर्यंत हजारो पोरं दिवसा झोपतात. त्यांची रात्र सकाळी सुरू होते. कायद्याचं घड्याळ त्यांना ओळखत नाही. म्हणून आपण ५५चा आकडा धरून बसायचं.

२३ जानेवारी २०२५ला मुंबई हायकोर्टाने कुर्ल्याच्या रहिवाशांच्या अर्जावर सांगितलं : भोंगा हा कोणत्याही धर्माचा अत्यावश्यक भाग नाही. आणि पोलिसांना सांगितलं, तक्रारदाराची ओळख विचारू नका, आधी कारवाई करा. वस्तीत राहणाऱ्याला ह्याची किंमत कळते. नाव फुटलं की दुसऱ्या दिवशी दारात चार जण उभे.

आता कडू बोलतो. इथून जवळ, देहूरोडला, बाबासाहेबांनी २५ डिसेंबर १९५४ला बुद्धमूर्ती बसवली. त्याच बुद्धाच्या विहारावर आपण भोंगा बांधतो आणि पहाटे ५ला वंदना वाजवतो. तीही बेकायदाच. जयंतीला डीजेने खोल्यांची पत्रं थरथरतात. आत कुणाची तरी म्हातारी आजारी असते, कुणी तिसरी पाळी करून पडलेला असतो. तोही आपलाच. "त्यांचा चालतो, मग आमचा का नाही?" हे मलाही वाटतं. रागाने वाटतं. पण मग आपल्यात आणि शिवाजी पार्कावरच्या त्या भाषणात फरक काय राहिला?

तेव्हा काम सांगतो. आधी आपल्या विहारावरचा भोंगा उतरवायचा, ह्याच आठवड्यात. मग तारीख, वेळ लिहून तक्रारी करायच्या. देवळाच्या, मशिदीच्या, चर्चच्या, सगळ्यांच्या. पोलिसांना म्हणायचं, मीटर घेऊन या, दुपारी या. फक्त मशिदीवर कारवाई झाली तर तिथेही आपणच उभं राहायचं आणि विचारायचं, देवळाचं माप घेतलं का?

कान आपले आहेत. ह्यापुढे त्यात काय ओतायचं ते आपण ठरवू.

जयभीम.