अरुण खोपकरांचे चित्रपट
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त आलमबाग येथे दिलेले व्याख्यान)



ज्यांचे चित्रपट आपल्यापैकी बहुधा कोणीही तिकीट काढून पाहिलेले नाहीत, अशा एका मराठी दिग्दर्शकाविषयी बोलण्याचे मी योजिले आहे. ते म्हणजे अरुण खोपकर. मोहन राकेशांच्या नाटकावरून मणि कौल यांनी १९७१ साली 'आषाढ का एक दिन' हा चित्रपट काढला, त्यात ते कालिदास झाले होते. गाव सोडून उज्जयिनीस गेलेला आणि परत आल्यावर रित्या हाताने उभा राहिलेला तो कवी आपणा परमुलुखात राहणाऱ्यांना परका वाटू नये.

१९८५ साली त्यांचा 'गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका' हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. 'प्यासा', 'कागज के फूल' आणि 'साहिब बीबी और गुलाम' हे ते तीन अंक. (आपल्या लखनौवरचा 'चौदहवीं का चाँद' त्यांत नाही, त्याचे दिग्दर्शन एम. सादिकांचे.) हा ग्रंथ कथानक सांगत बसत नाही. चेहऱ्यावर प्रकाश कोठून पडतो, हे तो पाहावयास शिकवितो.

हीच नजर त्यांच्या लघुपटांत आहे. 'फिगर्स ऑफ थॉट' (१९९०) हा भूपेन खख्खर, नलिनी मलानी आणि विवान सुंदरम् या तीन चित्रकारांवरचा, तर 'कलर्स ऑफ अ‍ॅब्सेन्स' (१९९३) जहांगीर साबावाला यांच्यावरचा. हे काम सोपे नव्हे. चित्र स्थिर असते आणि आपली दृष्टी त्यावर स्वैर फिरते. कॅमेरा आला की काय पाहावे आणि किती वेळ, हे तोच ठरवितो. सामान्य अनुबोधपटकार मग चित्राचे छायाचित्र घेतो आणि त्यावर एक भारदस्त आवाज चढवितो. खोपकरांचा प्रयत्न एका कलेला दुसऱ्या कलेने उत्तर देण्याचा आहे.

२००२ सालच्या लघुपटाचे नावच पाहा : 'नारायण गंगाराम सुर्वे'. १९२६ च्या सुमारास मुंबईत टाकून दिलेले एक अर्भक गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने उचलून घरी नेले, आपले नाव दिले. ते मूल पुढे आपले कवी झाले. येथील शाळांत आपल्या मुलांची नावे घालताना मधले नाव गळते. कारकुनाला ते अनावश्यक वाटते आणि आपणही हुज्जत घालीत नाही. कवीला सारे 'नारायण सुर्वे' म्हणूनच ओळखतात. चित्रपटाने मात्र तो 'गंगाराम' परत जागेवर बसविला!

असे चित्रपट चित्रगृहांत सहसा लागत नाहीत. कोणी पडदा बांधला तरच ते दिसतात. मागे आपल्या येथे असाच एक लघुपट दाखविला, तेव्हा निम्मी सभा मध्येच चहाला उठली होती. तरीही माझी कार्यकारिणीस विनंती आहे की, महोत्सवातील एक सायंकाळ सुर्व्यांवरील लघुपटासाठी राखून ठेवावी. प्रत मिळविण्याचा पत्रव्यवहार मी करीन. चहा तेवढा शेवटी ठेवावा.