‘शिवकालीन’ : एका विशेषणाचा विचार
(ज्ञातिमेळाव्यातील भाषण)



आपल्या घरांतील जुन्या पेटीत एखादा मोडी कागद निघाला की घरची मंडळी त्यास अभिमानाने ‘शिवकालीन’ म्हणतात. आमच्या घरीही हीच परंपरा होती. म्हणून आज या विशेषणाचाच थोडा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे.

शब्दाची घडण सरळ आहे. ‘काल’ शब्दास ‘ईन’ प्रत्यय लागून ‘कालीन’ होते. समकालीन, तत्कालीन, पेशवेकालीन हे त्याचेच सोबती. इतिहाससंशोधकांच्या लेखणीने हा शब्द रूढ केला. ‘शिवकालीन पत्रसारसंग्रह’ या नावाने पुण्यास १९३० पासून निघालेले खंड अभ्यासकांच्या परिचयाचे आहेत. खुद्द महाराजांच्या दरबारी कालनिर्देशाचा शब्द निराळा होता, तो म्हणजे ‘राज्याभिषेक शक’. शके १५९६, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस, म्हणजे ६ जून १६७४ रोजी, रायगडावर महाराज सिंहासनाधिष्ठित झाले, आणि त्या तिथीपासून हा शक सुरू झाला.

घोटाळा होतो तो येथेच. कागदावर ‘राज्याभिषेक शके’ दिसले की आपण तो शिवकालीन मानतो. परंतु महाराजांचे निर्वाण ३ एप्रिल १६८० रोजी झाले, तेव्हा या शकाचे सहावे वर्ष चालू होते. पुढील छत्रपतींच्या कागदांतही तोच शक चालू राहिला. सारांश, शकाचा अंक सहाहून मोठा असेल, तर तो कागद शिवकालीन नव्हे. अंकात १६७३ मिळविले की इसवी सन येतो. जानेवारीपासून पुढील ज्येष्ठापर्यंतच्या तिथींस मात्र १६७४ मिळवावे.

आमच्या घरच्या कागदावर जाणत्याने अंक वाचला तो ३४! वडीलधाऱ्यांस क्षणभर वाईट वाटले. पण ते वर्ष १७०७-०८ चे. मोगलांशी झालेल्या दीर्घ झुंजीनंतर शाहू महाराज साताऱ्यास सिंहासनावर बसले, ते याच वर्षी. मग त्या कागदाचे मोल घटले काय? मुळीच नाही, उलट आमच्या पूर्वजांचे खरे स्थान आम्हांस प्रथमच कळले.

म्हणून आमची नम्र विनंती अशी की, कुलवृत्तान्त छापण्यापूर्वी आपले कागद मोडी जाणणाऱ्यास दाखवावेत आणि त्यांवर जो अंक असेल तोच छापावा. उसन्या विशेषणाने कुळाची थोरवी वाढत नाही. खऱ्या तिथीने मात्र पुढील पिढीस आपली वाट सापडते.