लग्नातला खेळ आणि लग्नातला प्रयोग



या व्यासपीठावर अर्थकारण, इतिहास, तत्त्वज्ञान असे भारदस्त विषय होत असतात. त्यांच्या रांगेत माझा विषय म्हणजे थोरांच्या पंगतीत लहान मुलाने पाट मांडून बसावे तसा आहे. ज्या वधूवरांना नाचता येत नाही, त्यांच्या स्वागत समारंभात करमणूक कोणती करावी, एवढाच तो विषय. आपण हसलात; मीही प्रथम हसलो होतो. पण या प्रश्नापायी आमच्या घरातले एक लग्न अडून बसले, तेव्हा हसू मावळले.

माझा पुतण्या आणि त्याची वाग्दत्त वधू एके संध्याकाळी माझ्याकडे आली. समारंभात दोघांनी नाचायचे, असे घरातल्या तरुण मंडळींनी परस्पर ठरविले होते. शिकवायला एक गृहस्थही येत होते. पुतण्याचा एक पाय लहानपणच्या अपघाताने किंचित आखूड आहे. तीन आठवडे त्याने कोणाला काही सांगितले नाही. त्या दिवशी म्हणाला, "काका, आम्ही नोंदणी करून मोकळे होतो. समारंभच नको." मुलगी म्हणाली, "माझे दोन्ही पाय धड आहेत, पण सहाशे डोळ्यांपुढे तेही हलत नाहीत." आणि आत माझी आई, म्हणजे त्याची आजी, नातवाच्या लग्नासाठी काढलेले लुगडे उन्हात घालीत होती. आता कोणाला 'हो' म्हणावे?

मी विचार करू लागलो. आपल्या लग्नांत पूर्वी करमणूक नव्हती असे नाही. वधूच्या मुठीत सुपारी द्यायची आणि वराने ती एका हाताने सोडवायची. मग वराची मूठ, तिला मात्र दोन्ही हातांची मुभा. पाण्याच्या घंगाळात अंगठी टाकून दोघांनी शोधायची. विड्याचे एक टोक एकाने दातांत धरायचे, दुसऱ्याने दुसरे टोक तोडायचे. शेवटी उखाण्यात नाव घ्यायचे. या सगळ्यात एक गोष्ट समान आहे. दोघांच्या हातांना काम आहे, आणि ते काम एकमेकांशी आहे, प्रेक्षकांशी नाही.

हे खेळ रूढ झाले तेव्हा लग्ने पोरवयात होत. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या लग्नाचे किमान वय १४ ठरविले, यावरूनच त्याआधीची स्थिती कळते. १९७८ साली ते १८ झाले. एकमेकांना कधी न पाहिलेल्या दोन भेदरलेल्या मुलांची भीड मोडावी, यासाठी या खेळांचा मोठा उपयोग होता. तो काळ परत यावा असे कोणताही शहाणा मनुष्य म्हणणार नाही. आजची वधूवरे एकमेकांना चांगली ओळखतात. त्यांची भीड आहे ती जमलेल्या समाजाची. पण भीड मोडण्याची युक्ती जुनीच उपयोगी पडते.

कोणी म्हणेल, आपल्या बायका नाचत नव्हत्या काय? मंगळागौरीला रात्रभर झिम्मा-फुगडी चालतेच. खरे आहे, पण तिथे बघणारी बाई पुढच्या घटकेला फेरात असते. दमली की बसते, चुकली की सगळ्या हसतात, तीही हसते. तो खेळ आहे. व्यासपीठावर दिवे लावून, पाठ केलेल्या पावलांनी जे होते तो प्रयोग आहे. ज्याला हौस आहे त्याने तो खुशाल करावा. माझी तक्रार नाही. मात्र प्रयोग फसला तर माणूस ओशाळतो. खेळात हरला तर त्याला टाळ्या मिळतात. ज्याला नाचता येत नाही त्याला हरण्याची सोय हवी, एवढेच माझे म्हणणे आहे.

आता योजना सांगतो. प्रथम वेळेचा हिशेब करा. तीनशे पाहुणे तिघातिघांनी व्यासपीठावर छायाचित्राला आले, तर शंभर गट होतात. गटाला दीड मिनिट धरा; अडीच तास वधूवर उभी! त्यांत खेळायचे केव्हा? म्हणून दोघांना खाली आणा. पंगतीत जोडीने आग्रह करीत फिरण्याची आपली रीत याच कामाची होती. प्रत्येकाला भेटता येते आणि पायही चालते राहतात.

दुसरे, खेळ तीनच ठेवा आणि पाऊण तासात आटपा. पहिला सुपारीचा. दुसरा उखाण्यांचा, पण उलटा: नवी जोडी ऐकणार आणि जुनी जोडपी नावे घेणार, सर्वांत वडील जोडप्यापासून सुरुवात. लाजण्याची पाळी मग सत्तरीच्या आजोबांवर येते आणि ते ती आनंदाने निभावतात. तिसरा भेंड्यांचा, वरपक्ष विरुद्ध वधूपक्ष. त्याला खर्च नाही, तालीम नाही, आणि बसल्या जागी दोन घरांची ओळख होते.

तिसरे पथ्य सर्वांत महत्त्वाचे. प्रत्येक खेळ वधूवरांना आधी विचारा, आणि त्यांचे 'नाही' कारण न विचारता मान्य करा. जुन्या चालीही काही सोवळ्या नव्हत्या. मुलीकडच्यांना पाण्यात पाहणारी थट्टा, अडखळणाऱ्या मुलाला नावासाठी तासभर अडवून धरणे, हेही आपल्याकडे झालेले आहे. ज्याची थट्टा होते तो हसत नसेल, तर ती करमणूक नव्हे. सूत्रधार म्हणून घरातली एखादी आत्या किंवा मावशी नेमा. कोणाचे काय दुखते हे तिला ठाऊक असते.

पुतण्याचा समारंभ असाच झाला. सुपारीच्या वेळी मुलीची मूठ काही केल्या सुटेना. पहिल्या रांगेतून माझी आई ओरडली, "अरे, करंगळीपासून सोडव!" सारे कार्यालय हसले. मूठ उघडली तेव्हा सुपारी खाली पडून घरंगळत गेली आणि ती पकडायला नवरदेव स्वतःच व्यासपीठावरून उतरून धावला. त्या धावण्यात त्याचा पाय आखूड आहे हे सर्वांना दिसले असेल. त्याला मात्र त्याची आठवण राहिली नव्हती. सुपारी घेऊन तो परत आला तेव्हा वधूने दुसरी मूठ पुढे केली होती.

त्या रात्री आईने मला विचारले, "नाच व्हायचा होता म्हणे, तो का नाही झाला?" मी म्हटले, "वेळच उरला नाही." तिला ते पटले. आपणही मला दिलेला वेळ संपत आला आहे. आपल्या घरी येत्या मुहूर्तांवर कार्ये असतील, त्यांत एखादी सुपारी जास्त ठेवावी, अशी विनंती करून मी आपली रजा घेतो.