घरची एस्प्रेसो आणि तिचें यंत्र

घरांत एस्प्रेसोचें यंत्र आणावयाचें ठरलें, कीं चर्चा बहुधा यंत्राच्या रूपापासून आणि किंमतीपासून सुरू होते. दुकानदार खोक्यावरील मोठे आंकडे दाखवितो, शेजारी आपल्या यंत्राची तारीफ करतो, आणि कांहीं हजारांपासून लाखाच्या पलीकडे गेलेल्या जिन्याच्या कोणत्या तरी पायरीवर गृहस्थाचा पाय थांबतो. पहिल्या रविवारीं कॉफी उत्तम होते; सोमवारीं ती आंबट लागते, मंगळवारीं कडू. दोन महिन्यांनीं तें यंत्र माळ्यावर, इतर हौसेच्या वस्तूंशेजारीं जाऊन बसतें. यांत दोष यंत्राचाच असतो असें नाहीं. एखादा चांगला पेला कोणतेंही बरें यंत्र केव्हां तरी देतें. रोज सकाळीं, कचेरीच्या घाईंत, तोच पेला पुन्हा मिळणें ही गोष्ट निराळी. आणि यंत्र निवडतांना विचार करावयाचा तो याच गोष्टीचा.

एस्प्रेसो म्हणजे नुसती कडक कॉफी नव्हे. बारीक दळलेली कॉफी गाळणींत दाबून तिची घट्ट वडी करावयाची, आणि त्या वडींतून गरम पाणी मोठ्या दाबानें अर्ध्या मिनिटाच्या आंत पार करावयाचें. जो अर्क निघतो ती एस्प्रेसो. मिलानच्या लुइजी बेझेरा यांनीं १९०१ सालीं अशा यंत्राचें पेटंट मागितलें, आणि देझिदेरिओ पावोनी यांनीं १९०५ च्या सुमारास तीं यंत्रें तयार करून विकण्यास आरंभ केला. त्यांत दाब वाफेचा असे. तो फार नसे, आणि पाणी मात्र उकळत्याच्या घरांत असे. कॉफी झटपट होई, पण करपट लागे. मिलानचेच अकिले गाजिया यांनीं १९३८ सालीं वाफेवांचून चालणाऱ्या रचनेचें पेटंट मागितलें, आणि महायुद्धानंतर स्प्रिंगच्या दांड्यानें पाणी दाबणारें यंत्र बाजारांत आणलें. दाब आठ-नऊ बारपर्यंत चढला (एक बार म्हणजे सुमारें हवेच्या दाबाइतका दाब), आणि पेल्यावर तांबूस साय येऊं लागली. १९६१ सालीं फाएमा कंपनीच्या ई-६१ या यंत्रानें दांड्याचें काम विजेच्या पंपाकडे दिलें. आज पंपावर चालणारीं जीं घरगुती यंत्रें मिळतात, तीं याच कुळांतलीं होत.

इटलींत एस्प्रेसोचा दर्जा सांभाळण्यासाठीं १९९८ सालीं एक संस्था स्थापन झाली. तिनें घालून दिलेलें माप असें : पूड ७ ग्रॅम, यंत्रांतून निघणारें पाणी ८८ अंश, दाब ९ बार, वेळ २५ सेकंद आणि पेल्यांत अर्क २५ मिलिलिटर; प्रत्येक आंकड्यास थोडी सूट. हल्लीं अनेक घरीं दुहेरी गाळणी वापरतात व १८ ग्रॅम पुडीपासून ३६ ग्रॅम अर्क काढतात. पाणीही कांहींसें अधिक गरम, नव्वद अंशांच्या थोडें वर ठेवतात. आंकडे कोणतेही धरले तरी एक गोष्ट ध्यानांत येते. यांपैकीं दाब आणि उष्णता एवढ्याच दोन गोष्टी यंत्राच्या हातीं आहेत. उरलेल्या सर्व दळणाच्या आणि दळणाऱ्याच्या हातीं आहेत.

दाबाची गोष्ट लवकर संपते. खोक्यावर १५ किंवा २० बार असें ठळक लिहिलेलें असतें. तो पंपाच्या अंगचा जोर झाला. वडीवर तेवढा दाब पडावा अशी कोणाचीच इच्छा नसते. नीट बांधलेल्या यंत्रांत जास्तीचा दाब सोडून देणारी झडप असते आणि ती नऊ-दहा बारांच्या आसपास बसविलेली असते. तेव्हां २० बारांचें यंत्र १५ बारांच्या यंत्राहून चांगलें, हा हिशेब फसवा आहे. अगदीं स्वस्त यंत्रांत तर पंपच नसतो. तीं बेझेराच्या काळाप्रमाणें वाफेवर चालतात. त्यांतून निघते ती कॉफी वाईटच असते असें नाहीं, पण तिला एस्प्रेसो म्हणणें कठीण.

उष्णतेची गोष्ट अधिक नाजूक आहे. जुन्या पद्धतीच्या साध्या यंत्रांत पाणी तापविणाऱ्या बॉयलरवर इस्त्रीसारखा थर्मोस्टॅट असतो. पाणी निवालें कीं तो वीज जोडतो, तापलें कीं तोडतो. आणि या दोन टोकांत दहा अंशांहूनही अधिक अंतर पडूं शकतें. दिवा विझल्याबरोबर काढलेला पेला आणि दोन मिनिटांनीं काढलेला पेला यांची चव म्हणूनच जुळत नाहीं. थंड पाण्यानें कॉफी आंबट व पातळ लागते, फार तापलेल्या पाण्यानें कडू. यावर उपाय म्हणजे पी. आय. डी. नांवाचा नियंत्रक. तो पाण्याची उष्णता सतत मोजीत राहतो आणि वीज थोडी थोडी देऊन ती ठरलेल्या अंशाच्या जवळपास ठेवतो. रोजच्या सारखेपणासाठीं यंत्रावर जास्तीचे पैसे खर्च करावयाचे असतील, तर पहिला पैसा येथें खर्चावा. चकाकणाऱ्या पत्र्यावर किंवा पडद्यावरील चित्रांवर नव्हे. नियंत्रक असला तरी यंत्र तापण्यास वेळ द्यावा लागतो हें मात्र विसरूं नये. पाणी पांच मिनिटांत तापतें. पण ज्या जड पितळी तोंडांत वडीची गाळणी अडकवितात, तें तोंड तापावयास वीस मिनिटें, कधीं अर्धा तास लागतो. ज्यांना उठल्याबरोबर पेला हवा त्यांनीं वेळेवर आपोआप सुरू होणारें, अथवा पाणी वाहतां वाहतां तापविणारें हलक्या बांधणीचें यंत्र पाहावें.

आतां दळणाकडे वळावें, कारण रोजच्या सारखेपणाचें खरें मूळ तेथें आहे. ज्या घरांत जातें फिरत असे, त्या घरांतील बायकांना हें समजावून सांगावें लागलें नसतें. भाजणीचें दळण निराळें आणि उकडीच्या मोदकांची पिठी निराळी; जात्याला टाकी लावण्याची वेळ झाली कीं पीठ हाताला कसें लागतें, हें त्यांचीं बोटें ओळखीत. कॉफीची वडी म्हणजे पाण्याच्या वाटेंत घातलेला बांध आहे. दळण किंचित् भरड झालें तर पाणी पंधरा सेकंदांत वाहून जातें आणि अर्क आंबट व पांचट होतो; किंचित् बारीक झालें तर थेंब थेंब गळून तो कडवट होतो. हें ‘किंचित्’ डोळ्यांना दिसतही नाहीं. स्वयंपाकघरांतील मिक्सर येथें निरुपयोगी आहे. त्याचें पातें दाणे दळीत नाहीं, तोडतें. त्यांतून धूळ आणि कणी दोन्ही एकदम निघतात, आणि पाणी जेथें सोपी वाट सांपडेल तेथून पळतें. हवा तो दोन दांतेरी चकत्यांचा ग्राइंडर. त्यांतही अंतर कमी-जास्त करण्याच्या खांचा इतक्या जवळजवळ असाव्यात, कीं एक खांच फिरविली असतां वेळ दोन-तीन सेकंदांनींच बदलावा. एका खांचेंत दहा सेकंदांची उडी मारणारा ग्राइंडर गाळणकॉफीस ठीक, एस्प्रेसोस नव्हे.

म्हणून ठरविलेल्या रकमेपैकीं निम्म्याच्या आसपास ग्राइंडरकरितां बाजूस काढून मग उरलेल्या पैशांत यंत्र पाहावें. हा सल्ला दुकानांत सहसा ऐकूं येत नाहीं. विजेचा ग्राइंडर परवडत नसेल, तर हातानें फिरविण्याचे चांगले ग्राइंडर त्याच्या निम्म्याहून कमी किंमतींत तितकेंच एकसारखें दळण देतात. मिनिटभर हात दुखतो इतकेंच. घरांत सकाळीं चार-पांच पेले लागत असतील तर मात्र ही मेहनत कोणाच्या अंगावर पडणार, हें आधींच ठरवून घ्यावें.

दळण्याची तयारी नसलेल्या गिऱ्हाईकांसाठीं कारखानदारांनीं एक युक्ति काढली आहे. गाळणीस दुहेरी तळ देऊन खालच्या तळास एकच बारीक भोंक ठेवतात. मग पूड कशीही असली तरी त्या भोंकामुळें दाब तयार होतो आणि पेल्यावर फेस येतो. तो फेस भोंकाचा असतो, कॉफीचा नसतो. नवशिक्यास ही गाळणी पहिले चार दिवस उपयोगी पडेल. परंतु ज्या यंत्रास साधी, एकेरी तळाची गाळणी बसतच नाहीं, तें यंत्र घेऊं नये, कारण त्यावर शिकण्यासारखें कांहीं उरत नाहीं.

ग्राइंडरनंतर सर्वांत उपयोगी वस्तु सर्वांत स्वस्त आहे : ग्रॅमचा दहावा भाग दाखविणारा लहान विजेरी कांटा. चमच्यानें मोजलेली पूड रोज एक-दीड ग्रॅमनें बदलते, आणि तेवढ्यानें पेला बिघडतो. पूड तोलावी, पेल्यांतील अर्क तोलावा, सेकंद मोजावे, आणि एका वेळीं एकच गोष्ट बदलावी. दळण, पूड आणि वेळ यांची आठवडाभर वहींत नोंद ठेवली, तर पुढें ती वही उघडण्याची गरज क्वचितच पडते.

दाण्यांविषयीं येथील घरें मोठी भाग्यवान आहेत. चिकमगळूर आणि कोडगूच्या मळ्यांतील कॉफीचा इटली हा जुना व मोठा गिऱ्हाईक. साय दाट यावी म्हणून तेथील भाजणारे आपल्या मिश्रणांत भारतीय रोबस्टा घालतात. तीच कॉफी समुद्र ओलांडून, भाजून, डब्यांत भरून परत येते तेव्हां तिला कित्येक महिने लोटलेले असतात, आणि किंमत तर विचारूंच नये. त्यापेक्षां भाजल्याची तारीख छापणाऱ्या येथल्याच व्यापाऱ्याकडून थोडे थोडे दाणे घ्यावे. भाजल्यावर आठवडाभर त्यांना स्वस्थ पडूं द्यावें आणि पुढच्या महिन्याभरांत संपवावे. दाणे जसे जुने होतात तसें पाणी अधिक वेगानें उतरूं लागतें. पावसाळ्याच्या दमट हवेंतही वेळ मागें-पुढें होतो. अशा वेळीं खांच थोडी फिरवावी, यंत्रास दोष देऊं नये. चिकोरी मिसळलेली फिल्टर-कॉफीची पूड या यंत्रांत घालूं नये. ती फिल्टरसाठींच ठीक आहे.

मग कोणत्या घरानें कोणतें यंत्र घ्यावें? जेथें दोघेंच काळी कॉफी किंवा थोड्या दुधाची कॉफी पितात, तेथें एका बॉयलरचें यंत्र पुरे. १९९१ सालीं निघालेलें गाजियाचें ‘क्लासिक’ आणि १९९७ सालीं निघालेलें रांचिलिओचें ‘सिल्व्हिया’ हीं या जातीचीं नमुनेदार यंत्रें. दोन्हींत धंदेवाईक यंत्रांप्रमाणें ५८ मिलिमीटरची गाळणी बसते, म्हणून तिच्या वस्तू मिळण्यास अडचण पडत नाहीं. अशा यंत्रांत तोच बॉयलर कॉफीसाठीं नव्वदीच्या घरांत आणि वाफेसाठीं शंभराच्या बराच वर न्यावा लागतो. कॉफी झाल्यावर दूध फेसाळण्यास थांबावें लागतें, आणि पुढच्या कॉफीसाठीं तो पुन्हा निववावा लागतो. घरांत चार माणसें एका मागून एक दुधाळ कापुचिनो मागणार असतील, तर ही कसरत आठ दिवसांत नकोशी होते. तेथें वाफेच्या बॉयलरमधून कॉफीच्या पाण्याची नळी नेलेलें, किंवा दोन स्वतंत्र बॉयलर असलेलें यंत्र योग्य. पहिल्या प्रकारांत यंत्र बराच वेळ स्वस्थ राहिलें तर नळींतलें पाणी अति तापतें, म्हणून आधीं थोडें पाणी वाहूं द्यावें लागतें. दुसऱ्या प्रकारांत ती कटकट नाहीं, पण किंमत, जागा आणि वीज तिन्ही वाढतात.

ज्या घरांत दळणें, तोलणें, पुसणें यांतील कांहींच नको असेल, त्यांनीं कॅप्सूलचें यंत्र घ्यावें. सारखेपणा त्याच्याइतका कोणी देत नाहीं. चव मात्र कारखान्यांत ठरते, आणि यंत्र स्वस्त असलें तरी दर पेल्यामागें पैसे जन्मभर मोजावे लागतात. ज्यांची एकंदर रक्कमच थोडी आहे, त्यांनीं ग्राइंडरशिवाय यंत्र घेण्यापेक्षां पितळी किंवा स्टीलचा दक्षिणी फिल्टर घ्यावा, अथवा इटलींतच १९३३ सालीं निघालेलें बियालेत्तीचें चुलीवरचें ‘मोका’ भांडें घ्यावें. या दोहोंची कॉफी एस्प्रेसो नव्हे. पण ताज्या दाण्यांची असली तर चुकलेल्या एस्प्रेसोहून शतपट बरी.

पाण्याचा विचार खरेदीपूर्वींच व्हावा. बोअरच्या किंवा टँकरच्या जड पाण्यानें, बंबाच्या नळींत बसत असे तसा पांढरा क्षार बॉयलरमध्यें बसतो. भोंकें अरुंद होतात आणि उष्णतेचें मोजमाप चुकूं लागतें. उलट, घरच्या शुद्धीकरण-यंत्रांतून सर्व क्षार काढून टाकलेलें पाणीही बरें नव्हे. त्यानें कॉफी निर्जीव लागते, धातूस तें अपायकारक ठरतें, आणि पाण्याची पातळी विजेच्या प्रवाहावरून ओळखणाऱ्या यंत्रास टाकी भरलेली असून रिकामी वाटते. थोडे क्षार राखलेलें मऊ पाणी वापरावें. क्षार धुण्याची औषधें यंत्राबरोबरच्या पुस्तिकेंत सांगितल्याशिवाय घालूं नयेत. कांहीं दोन-बॉयलरी यंत्रांत हें काम घरीं करण्यास कारखानदारच मना करतात.

विजेकडेही पाहावें. हजार-दीड हजार वॅट ओढणारें यंत्र दिव्याच्या लहान खटक्यावर चालवूं नये. गीझरसारखा १६ अँपिअरचा खटका ओट्याजवळ हवा. अमेरिकेंतील मुलगा किंवा मुलगी मोठ्या प्रेमानें यंत्र घेऊन येते, तेव्हां तर हें अवश्य पाहावें. तेथील यंत्र १२० व्होल्टचें. येथील २३० व्होल्टवर लावलें तर जळून जातें. ट्रान्सफॉर्मर घ्यावा तर तो यंत्राइतकाच जड होतो, आणि तो व्होल्ट उतरवितो पण तेथील ६० आवर्तनांची वीज येथें ५० चीच राहते, म्हणून धक्क्यावर चालणारा पंप मंद पडतो. त्यांना आधींच कळवावें, कीं ग्राइंडर हाताचा आणा, यंत्र आणूं नका.

शेवटची चौकशी दुरुस्तीची. गाळणीच्या तोंडाशीं रबराचें कडें असतें. तें उष्णतेनें वर्ष-दीड वर्षांत कडक होतें आणि मग बाजूनें पाणी झिरपूं लागतें. तें कडें, पाणी शिंपडणारी जाळी, पंप आणि झडप या चार वस्तू आपल्या गांवांत कोठें मिळतात आणि कोण बसवून देतो, हें पैसे देण्यापूर्वीं विचारावें. आणि उत्तर देतांना दुकानदार घुटमळला, तर दुसरें दुकान पाहावें.